स्वप्नातला आवाज घडवायचा तर आधी घुमारा काढा

प्रश्न असा आहे. एका श्रुतिकेत चार मिनिटांचा स्वप्नप्रसंग आहे. पत्र्यावर पाऊस पडत असताना नायिकेचा डोळा लागतो. स्वप्नात ती पावसाचा तोच आवाज हातात घेते, मातीसारखा मळते आणि त्यातून घंटा घडवते. घंटेवर टोला पडतो आणि तिला जाग येते. प्रसंगात संवाद जवळजवळ नाहीत. सगळ्यावर भरपूर रिव्हर्ब (कृत्रिम घुमारा) टाकून झाला, काही आवाज उलटे फिरवून झाले, तरी ते स्वप्न वाटत नाही. कोणीतरी मोठ्या रिकाम्या सभागृहात काहीतरी करत आहे, एवढेच ऐकू येते. चुकते कुठे?

सभागृह ऐकू येते, कारण रिव्हर्बचे कामच ते आहे. आवाज सेकंदाला साधारण ३४३ मीटर जातो. भिंतीवर आपटून २० मिलिसेकंद उशिरा आलेला आवाज थेट आवाजापेक्षा जवळपास सात मीटर जास्त चाललेला असतो. हा हिशेब कान आपल्या नकळत करतो आणि खोलीचा आकार मनात उभा करतो. म्हणजे रिव्हर्ब जितका जास्त, तितकी जागा खरी, मोजता येण्यासारखी. स्वप्नाला नेमकी हीच खात्री नको असते. म्हणून पहिले काम: स्वप्नाच्या चार मिनिटांतला सगळा रिव्हर्ब काढून टाका. तो जागेपणीच्या दोन टोकांना ठेवा, तिथे त्याची खरी गरज आहे.

दुसरे काम कागदावरचे आहे आणि बहुतेक जण ते टाळतात. या स्वप्नात आवाज कोणत्या नियमाने वागतो, ते एका वाक्यात लिहा. सगळेच नियम मोडले तर ऐकणाऱ्याला नुसता गोंधळ ऐकू येतो. एक नियम बदलला आणि बाकीचे जसेच्या तसे ठेवले, तर दहा-पंधरा सेकंदांत त्याला ते जग कळते आणि तो त्यात राहायला लागतो. तुमच्या कथेतच नियम दडलेला आहे: आवाज हा पदार्थ आहे, आणि जेवढा घंटेत जाईल तेवढा पावसातून कमी होईल. मातीच्या गोळ्यातून माती काढली की गोळा लहान होतो, तसे. पुढचे सगळे निर्णय या एका वाक्यावर तपासा. उलटे फिरवलेले आवाज या नियमात कुठेच बसत नाहीत, ते काढून टाका.

आता कच्चा माल. पाऊस तयार संग्रहातून घेऊ नका, कारण त्यात बहुधा आधीच जागेचा घुमारा मिसळलेला असतो आणि तो नंतर नीट निघत नाही. पत्र्याखाली एक ते दीड मीटरवर माइक ठेवा आणि आजूबाजूला जाड गोधड्या किंवा ब्लँकेट टांगा. मुसळधार पाऊस नको. त्यात थेंब वेगळे राहत नाहीत, सगळ्याची एक सलग सरसर होते. मध्यम पावसाची पाच-सात मिनिटे आणि थांबत आलेल्या पावसाची तीन मिनिटे, एवढे पुरते. पाऊस नसेल तर झारीने पत्र्यावर पाणी शिंपडा. पत्र्याच्या कडेखाली कापड ठेवले की त्याचा स्वतःचा खणखणाट दबतो. मुद्रण २४ बिट आणि ९६ किलोहर्ट्झवर, म्हणजे सेकंदाला ९६ हजार नमुने घेऊन, करा. पुढे कुठे आवाज निम्म्या वेगाने फिरवावा लागला तर तो एक सप्तक खाली येतो. मुद्रणात नमुन्यांच्या निम्म्या वारंवारतेपर्यंतच माल असतो, म्हणजे ४८ किलोहर्ट्झला २४ पर्यंत, त्याचा निम्म्या वेगाने १२ उरतो आणि आवाज बद्द होतो. अर्थात माइकने वरचे टोक पकडलेले असेल तरच ९६चा फायदा. वीस किलोहर्ट्झला हात टेकणारा माइक असेल तर फाइल फक्त जड होते.

घंटाही मुद्रित करा, पण ती कशासाठी लागते ते पुढे येईल.

मुख्य कारागिरी पावसातून घंटा बाहेर काढण्याची आहे, आणि इथे निसर्ग तुमच्या बाजूने आहे. पावसाच्या सरसरीत ऐकू येणाऱ्या जवळजवळ सगळ्या वारंवारता एकदम असतात. घंटेत मोजक्याच असतात. म्हणजे घंटा पावसात आधीपासूनच आहे. बाकीचे खरवडून काढायचे. वेगळ्या सिंथेसायझरवर घंटेचे सूर वाजवून पावसावर ठेवू नका. ऐकणाऱ्याला दोन वेगळ्या वस्तू ऐकू येतील आणि घडवण्याची कल्पनाच मरेल.

सुरात घडवलेल्या मोठ्या घंटेचे पाच ठळक अंश, म्हणजे एकाच वेळी वाजणारे वेगवेगळे सूर, असतात. त्यांतला एक मुख्य. तो १ धरला तर बाकीचे ०.५, १.२, १.५ आणि २ या पटींत येतात. मुख्य अंश ४४० हर्ट्झ ठेवला तर आकडे होतात २२०, ४४०, ५२८, ६६० आणि ८८०. यांतले २२०, ४४०, ६६० आणि ८८० हे एकाच मालिकेतले आहेत, २२०ची एक, दोन, तीन आणि चार पट. नुसते हे चार वाजवले तर बासरी किंवा ऑर्गनसारखा सूर ऐकू येतो. ५२८ या मालिकेत बसत नाही. तो कोमल गंधाराच्या जागी येतो, आणि घंटेचा तो जरासा व्याकूळ, धातूचा रंग त्याच्यामुळे आहे. म्हणून तो सर्वांत शेवटी आणा. आधी २२०, मग आठ-दहा सेकंदांनी ४४०, मग ८८० आणि ६६०, आणि घडण पूर्ण होण्याच्या क्षणी ५२८. या एका अंशाने आवाजाची जात बदलते, आणि ती नेमकी कुठे बदलली हे ऐकणाऱ्याला सांगावे लागत नाही.

प्रत्येक अंशासाठी पावसाच्या ट्रॅकची एक प्रत घ्या आणि तिच्यावर एक अरुंद बँडपास फिल्टर लावा, म्हणजे एका वारंवारतेच्या आसपासचाच आवाज जाऊ देणारी चाळणी. फिल्टरचा क्यू म्हणजे मधली वारंवारता भागिले पट्ट्याची रुंदी. ४४० हर्ट्झवर क्यू ५ ठेवला तर पट्टा ८८ हर्ट्झ रुंद राहतो आणि पावसाला फक्त थोडा सुराचा वास येतो. क्यू ४०० केला तर पट्टा १.१ हर्ट्झवर येतो आणि पाऊस गाऊ लागतो. पाच ते चारशे हा प्रवास साधारण ४० सेकंदांत करा. फिल्टरची मधली वारंवारता मात्र अजिबात हलवू नका. ती हलवली की शीळ वर-खाली सरकल्यासारखा आवाज येतो आणि प्रसंग व्यंगचित्रपटाकडे झुकतो. फक्त रुंदी बदलायची.

यात दोन गोष्टी हमखास बिघडतात. पहिली पातळीची. पट्टा ८८ वरून १.१ हर्ट्झवर आला की त्यातून जाणारी शक्ती ८० पटींनी घटते, म्हणजे जवळपास १९ डेसिबल. फेडर (पातळीची सरकपट्टी) हलवला नाही तर घंटा घडता घडता नाहीशी होते. म्हणून क्यूच्या चढणीबरोबर पातळीचीही चढण काढा, पण पूर्ण १९ नको. १४-१५ डेसिबल पुरतात. उरलेली घट ऐकणाऱ्याला वस्तू आक्रसून घट्ट झाल्यासारखी वाटते, आणि इथे तेच हवे आहे. दुसरी अडचण हत्याराची. नेहमीच्या इक्वलायझरचा क्यू बराच आधी थांबतो. तिथे रेझोनेटर प्रकारचा, म्हणजे ठरलेला सूर घुमवणारा प्लग-इन (ध्वनिसंपादनाच्या सॉफ्टवेअरला जोडायचे साधन) वापरा. त्यात क्यूऐवजी सूर विरायला लागणारा वेळ सेकंदांत देता येतो. रूपांतर सोपे आहे: आवाज ६० डेसिबल खाली यायला लागणारा वेळ म्हणजे क्यू गुणिले २.२ भागिले वारंवारता. क्यू ४०० असताना ४४०ला दोन सेकंद येतात, २२०ला चार, आणि ८८०ला एक. खऱ्या घंटेतही खालचा अंश सर्वांत जास्त रेंगाळतो आणि वरचे आधी विरतात, त्यामुळे सर्वांना एकच क्यू दिला तरी घंटेचा स्वभाव आपोआप जुळतो.

या पद्धतीत एक गोष्ट फुकट मिळते, आणि ती कुठल्याही प्लग-इनच्या विशेष परिणामापेक्षा सुंदर आहे. अरुंद फिल्टरमधून गेलेली सरसर स्थिर राहत नाही, ती थरथरते. पट्टा रुंद असेल तर थरथर भरभर होते, आणि पट्टा अरुंद होत जातो तशी ती संथ होते. शेवटी एकेक हेलकावा सेकंदभर चालतो. म्हणजे धडपडणारा पदार्थ हळूहळू शांत होत आकार धरतो आहे, हे त्या आवाजातच ऐकू येते. ही थरथर कॉम्प्रेसर (मोठे आणि लहान आवाज एका पातळीला आणणारे साधन) लावून सपाट करू नका. संगणकाच्या पडद्यावर लाट ओबडधोबड दिसते म्हणून ती दाबण्याचा मोह होतो, आणि तिथेच जीव जातो. आणखी थोडे काम करायची तयारी असेल तर २२० आणि ४४० या दोन्हींजवळ ०.७ हर्ट्झ अंतरावर जोडीदार फिल्टर लावा. त्यांतून साधारण दीड सेकंदाची लहर उठते. खऱ्या घंटांमध्येही ओतीव कामातल्या किंचित असमानतेमुळे अशी लहर असते.

आता नियमाचा दुसरा भाग, पावसातून तेवढा आवाज कमी होण्याचा. काटेकोर हिशेबाने पावसाच्या मूळ ट्रॅकमधून ते पाच बारीक पट्टे कापावे लागतील. करून पाहा, काहीही ऐकू येणार नाही. सरसरीत एक हर्ट्झची भेग कानाला कळत नाही. म्हणून इथे अतिशयोक्ती करावी लागते: प्रत्येक जागी क्यू ३ च्या आसपास आणि १८ ते २४ डेसिबलचा खड्डा. हे पाच खड्डे एकमेकांत मिसळतात आणि पावसाचे पोट निघून जाते. वर फक्त कोरडी, उंच सरसर उरते, पोखरलेल्या भांड्यासारखी. प्रत्येक खड्डा त्या त्या अंशाबरोबरच, त्याच वेगाने खोल होत गेला पाहिजे. चढण आणि खड्डा यांत दोन-तीन सेकंदांचा फरक पडला तरी दोन्हींचे नाते तुटते.

मळण्याचा भाग कोरण्याच्या आधी येतो. तिथे थेंबांची घनता हेच माध्यम. सेकंदाला आठ-दहा थेंब असतील तर कान ते वेगवेगळे ऐकतो. वीसच्या पुढे गेले की त्यांचा पोत बनतो. तिने गोळा दाबला की घनता अर्ध्या सेकंदात आठवरून तीसवर न्या आणि त्याच वेळी ४ किलोहर्ट्झच्या वरचा भाग ६ डेसिबल उतरवा. सोडला की दोन्ही परत, पण दुप्पट वेळ घेऊन. मातीही दाबल्याइतक्या लगेच सुटत नाही. हे ग्रॅन्युलर पद्धतीने, म्हणजे मुद्रणाचे बारीक कण करून, करा. आवाज अगदी छोट्या कणांचा बनलेला मानता येतो, ही कल्पना भौतिकशास्त्रज्ञ डेनिस गॅबर यांनी १९४७ मध्ये मांडली होती, आणि आजचे ग्रॅन्युलर प्लग-इन त्याच वाटेवरचे आहेत. कणाची लांबी ६० मिलिसेकंदांच्या आसपास ठेवा. दहाच्या खाली गेलात तर थेंबाची ओळख जाते, नुसती टिकटिक उरते. कण ठरावीक अंतराने पडू देऊ नका. दर २० मिलिसेकंदांनी एक असा नेम लागला की ५० हर्ट्झची गुणगुण ऐकू येते आणि मुद्रणात विजेचा दोष आहे असे वाटते. कणांमधले अंतर किमान ३० टक्के विस्कळीत ठेवा.

हातांचा आवाज वेगळा मुद्रित करा. ओली माती चालते, ओले जाड कापडही चालते. माइक दहा-पंधरा सेंटिमीटरवर. इथे वेळेचे गणित महत्त्वाचे आहे. हात आधी ऐकू यावा आणि पाऊस त्याला नंतर उत्तर देईल. सुरुवातीला, गोळा हलका असताना, हे अंतर ६० मिलिसेकंद ठेवा. शेवटी घंटा जड झाली की १८० पर्यंत न्या. एवढ्या फरकाने वजन कळते. तीनशेच्या वर गेलात तर हात आणि पाऊस ही दोन असंबद्ध कामे वाटतात. उलट दोन्ही अगदी एकाच क्षणी आले तर पदार्थाला प्रतिकार उरत नाही, आणि प्रतिकार नसलेली वस्तू कोणी घडवते आहे यावर कानाचा विश्वास बसत नाही.

वजनाचा उरलेला भाग श्वासात आहे. अभिनेत्रीला नुसते ‘जोर लावल्याचा श्वास घ्या’ सांगून भागत नाही. मुद्रणाच्या वेळी तिच्या हातात पाण्याने अर्धी भरलेली बादली द्या. छाती आवळली की श्वास आपोआप तुटतो. स्वप्नातला श्वास आणि जे काही एक-दोन शब्द असतील ते आठ-दहा सेंटिमीटरवरून, माइकच्या जरा बाजूने मुद्रित करा. इतक्या जवळून दिशानिष्ठ माइकमध्ये खालचे सूर फुगतात, म्हणून २०० हर्ट्झच्या खाली तीन-चार डेसिबल उतरवा. जागेपणीचे बोलणे मात्र अर्ध्या मीटरवरून, खोलीसकट. दोन्हींतला हा फरकच ऐकणाऱ्याला डोक्याच्या आत नेतो.

झोपेत जाण्याची जागा पहिल्या तीस सेकंदांत. जागेपणी पाऊस दोन्ही बाजूंना पसरलेला असतो, खोलीचा मंद घुमारा असतो, दूर काहीतरी चालू असते. आधी ती दूरची गोष्ट घालवा. मग खोलीचा घुमारा. सर्वांत शेवटी पावसाची रुंदी आवळत मोनो, म्हणजे दोन्ही बाजूंना एकच आवाज, करा. हेडफोनवर मोनो आवाज डोक्याच्या मधोमध ऐकू येतो, त्यामुळे पाऊस बाहेरून आत शिरतो. क्रम उलटा केला, आधी मोनो आणि मग घुमारा, तर रेडिओ बिघडल्यासारखे वाटते. स्पीकरवर ऐकणाऱ्याला हा आत शिरण्याचा अनुभव मिळत नाही, त्याच्यासाठी जवळचा श्वास काम करतो. पूर्ण शांतता दीड सेकंदाहून जास्त ठेवू नका. लोक फोनकडे बघतात.

आता ती मुद्रित केलेली घंटा. १९४८ च्या सुमारास पॅरिसमध्ये फ्रेंच संगीतकार पिएर शेफर यांनी घंटेच्या मुद्रणातून टोल्याचा पहिला क्षण कापून टाकला, आणि उरलेला आवाज घंटेचा वाटेनासा झाला. वस्तूची ओळख बरीचशी तिच्या पहिल्या आघातात असते. तुमच्या प्रसंगात हेच उपयोगी पडते. पावसातून कोरलेल्या घंटेला आघात नाही. ५२८ आल्यावर ती धातूची वाटते, जवळची वाटते, पण पूर्ण ओळखू येत नाही. ती ओळख टोल्यापर्यंत राखून ठेवा. चार मिनिटांत दुसरा कोणताही टणक आघात येऊ देऊ नका. भांडे नको, दाराची कडी नको, थेंबाची मोठी टपटपही २ डेसिबल उतरवा.

टोल्याच्या क्षणी खऱ्या घंटेचे पहिले ६० मिलिसेकंद घ्या आणि पुढच्या ४० मिलिसेकंदांत कोरलेल्या घंटेत क्रॉसफेड करा, म्हणजे पहिली उतरवत दुसरी चढवा. त्याआधी खऱ्या घंटेचा मुख्य अंश मोजा आणि तुमचे पाचही आकडे त्याच प्रमाणात सरकवा, नाहीतर सांधा ऐकू येतो. घंटेची पट्टी ३५० ते ६०० हर्ट्झच्या दरम्यान निवडा. फोनच्या छोट्या स्पीकरवर साधारण २०० हर्ट्झच्या खालचे फारसे उरत नाही. खालचा अंश गेला तरी बाकीचे चार तिथे ऐकू आले पाहिजेत.

टोल्याबरोबर पावसातले पाचही खड्डे २०० मिलिसेकंदांत भरून काढा, रुंदी उघडा आणि खोली परत आणा. इतका वेळ पोखरलेला पाऊस ऐकल्यावर पोट असलेला, दोन्ही बाजूंना पसरलेला साधा पाऊस फार मोठा वाटतो. तो प्रत्यक्षात मोठा करू नका. सुरुवातीला होता त्याच पातळीवर ठेवा, अगदी दशांश डेसिबलपर्यंत. घंटेचा शेपूट मात्र खोलीत आणायचा नाही. तो कोरडाच राहू द्या आणि पावसाखाली पाच-सहा सेकंदांत विरू द्या. खालच्या अंशासाठी तेवढा वेळ रेझोनेटरमध्ये वाढवून घ्यावा लागेल.

मिक्स संपल्यावर तीन तपासण्या करा. सबंध मोनो करून ऐका. पाऊस रुंद करण्यासाठी एका बाजूची ध्रुवता (लाटेच्या चढ-उताराची दिशा) उलटी केली असेल तर तो इथे नाहीसा होईल. फोनच्या स्पीकरवर हळू आवाजात ऐका. मग सबंध श्रुतिकेची सरासरी पातळी मोजा: पॉडकास्टसाठी उणे १६ एलयूएफएस (कानाला जाणवणाऱ्या सरासरी पातळीचे एकक) आणि शिखर उणे १ डेसिबलच्या खाली. स्वप्नाचा भाग या सरासरीपेक्षा तीन-चार एककांनी हळू असेल आणि तसाच राहिला पाहिजे. आपोआप पातळी सारखी करणारी सोय बंद ठेवा. ती हळू भाग उचलते, टोला दाबते, आणि घंटेच्या थरथरीला आपले हेलकावे देते. टोल्याच्या आधी ४०० मिलिसेकंद पाऊस ३ डेसिबल उतरवला की लिमिटरला (शिखरे अडवणाऱ्या साधनाला) हात न लावता टोला पुरेसा मोठा लागतो.